बुंदी, ऋतुजा आणि मी

मित्रांनो, मी एक म्हातारा कुत्रा आहे. वळसंगच्या शिवारात चिमाबाईंच्या वस्तीवर राहतो. अंगाने काळा, म्हणून त्यांनी माझं नाव कानडीत करिया ठेवलं. आता दात पडलेत, नीट दिसत नाही. पण मला सांगायचं आहे ते त्यांच्या लेकीबद्दल, ऋतुजाबद्दल.

शाळेतून आली की ती दप्तर फेकायची आणि बुंदीचं दावं सोडायची. बुंदी म्हणजे आमचं करडू. पांढऱ्या अंगावर तांबूस ठिपके. मग आम्ही तिघं शेजारच्या सिद्धप्पांच्या हरभऱ्यात. ऋतुजा घाटे सोलायची, बुंदी शेंडे खुडायची, मी बांधावर राखण करायचो. सिद्धप्पा काठी घेऊन आले की ज्वारीत दडायचो. एकदा तर ऋतुजाने बुंदीला आपला गणवेश घालून थेट वर्गाच्या दारात उभं केलं. त्या दिवशी मार ऋतुजाला बसला आणि मी उगीचच रडलो.

गेल्या उन्हाळ्यात माळावर एक लग्न झालं. मंडपामागे उरलेलं जेवण प्लास्टिकच्या पिशव्यांत बांधून टाकलं होतं. आम्ही तिघं वासाने तिथं पोचलो. बुंदीने भात पिशवीसकट ओढला. तिच्या तोंडातून लोंबणारी पिशवी पाहून ऋतुजा पोट धरून हसली.

थोड्याच दिवसांत बुंदीचं पोट फुगलं. चारा सुटला, रवंथ थांबलं. ऋतुजा तिच्यापाशीच बसून राहिली. गुरांच्या डॉक्टरांनी पोट चाचपलं आणि आत पिशव्या अडकल्याचं सांगितलं. खूप उशीर झाला होता. बुंदीने ऋतुजाच्या मांडीवर मान टाकली.

संध्याकाळी चिमाबाईंनी तिला निंबाखाली पुरलं. ऋतुजा हळूच म्हणाली, "आये, तवा मी हसत हुते गं."

"तुला काय म्हाईत हुतं, बाळा," चिमाबाई म्हणाल्या आणि तिला पोटाशी घेतलं.

आता कुठं लग्न असलं की दुसऱ्या दिवशी ऋतुजा पोतं घेऊन निघते आणि पिशव्या वेचते. मी लंगडत मागे जातो. हरभरा यंदाही घाट्यांनी लगडला आहे. सिद्धप्पा तिला स्वतः हाक मारतात, "ये की पोरी, खा." ती मान हलवते आणि पुढे जाते.

मित्रांनो, तुमच्या घरी जेवण उरलं तर आम्हाला जरूर घाला. फक्त पिशवीची गाठ सोडा, अन्न जमिनीवर ओता आणि पिशवी परत घेऊन जा.