अपर्णाची आई

"आई, अजून थोडा आत घे ना."

तोंडात टाचण्या धरलेल्या आईनं नुसतं "हूं" केलं. लेकीचा स्कर्ट तिनं कमरेत किती वेळा आत घ्यायचा? बाजूचे खिसे सरकत सरकत मागे आले होते. टीप कुठे घालावी हे बोटानं चाचपताना कापडाखाली हाड लागलं आणि तिनं हात झटकन मागे घेतला.

"जेवलीस का?"

"मैत्रिणीकडे खाल्लं."

ती मैत्रीण कधीच दुसऱ्या गावी राहायला गेली होती आणि हे दोघींनाही ठाऊक होतं. आईनं विषय वाढवला नाही. वाढवला की मुलगी खोलीत जाऊन कडी लावायची, आणि त्या कडीच्या आवाजाची तिनं धास्ती घेतली होती. ट्रक चालवणारा नवरा फोनवर म्हणायचा, "अगं, वयच आहे ते. आपली ठमी आहे ती, भूक लागली की पातेलं पुसून खाईल!" लहानपणी गुबगुबीत गालांमध्ये नाक शोधावं लागायचं, म्हणून त्यानंच तिला ठमी केलं होतं.

दुपारी एक निवृत्त शिक्षिका तिच्याकडे कोट घेऊन आल्या, अस्तर बदलून शिवायला. जन्मभर संस्कृत शिकवलेल्या बाई. मुलगी त्यांना पाणी देऊन आत गेली.

"नाव काय हो हिचं?"

"अपर्णा."

"वा! कुणी ठेवलं?"

"मीच. कानाला हलकं लागलं, म्हणून."

"अर्थ माहीत आहे ना? पर्ण म्हणजे पान. पार्वतीनं शंकरासाठी तप मांडलं, अन्न सोडलं. गळलेल्या पानांवर राहिली, मग तीही सोडली. पानसुद्धा न खाणारी, ती अपर्णा." बाई कौतुकानं म्हणाल्या, "केवढा निग्रह!"

आईचा मशीनवरचा पाय थांबला.

"आणि तिची आई? ती काही म्हणाली नाही?"

"म्हणाली तर. 'उ, मा' म्हणाली. म्हणजे, अगं, नको. त्यावरूनच तिला उमा म्हणायला लागले, असं सांगतात."

"मग ऐकलं का तिनं?"

बाई हसल्या. "ऐकलं असतं तर अपर्णा कशी झाली असती?"

त्या गेल्यावर आईनं कोट उसवायला घेतला. नावानं कुणी उपाशी राहत नाही, एवढं तिला समजत होतं. तरीही सुईत दोरा जाईना. पार्वतीच्या आईनं एकदा नको म्हटलं आणि पुढे काय केलं? घरी बसून राहिली?

तिनं कोट बाजूला टाकला आणि खोलीचं दार ढकललं. उकाड्यातही मुलगी स्वेटर घालून भिंतीला टेकली होती.

"ऊठ. दवाखान्यात जायचंय."

"मला काही झालेलं नाहीये."

"नसू दे. मला भीती वाटतेय गं. माझ्यासाठी चल."

आईला भीती वाटते, हे मुलीनं पहिल्यांदाच ऐकलं. ती मुकाट्यानं उठली. जिन्यात मात्र तिचा पाय लटपटला, डोळे फिरले. आईनं तिला सावरलं, उचललं. ती इतक्या सहज उचलली गेली की आईच्या तोंडून किंकाळी फुटली.

दवाखान्यात नर्सनं विचारलं, "पेशंटचं नाव?"

"ठमी," आई बोलून गेली.

नर्सनं खाटेवरच्या काडीसारख्या हाताकडे पाहिलं, मग तिच्याकडे. "खरं नाव सांगा, ताई."

ते सांगताना तिची जीभ अडखळली. "वाचेल ना हो?"

"ठोके फार मंद पडलेत. आणलंत ते बरं केलंत."

दुसऱ्या दिवशी सकाळी सुपाची वाटी आली. मुलगी कितीतरी वेळ सुपाकडे बघत राहिली. मग म्हणाली, "आई, तू तिकडे बघ."

आई खिडकीकडे वळली. समोरच्या गच्चीवर कुणीतरी चादरी झटकून वाळत घालत होतं. पाठीमागे चमचा वाटीला लागल्याचा आवाज झाला. मग काहीच नाही. बराच वेळ काहीच नाही. तिनं खिडकीचा गज घट्ट धरला.

चमचा पुन्हा वाजला.

तिनं मागे वळून पाहिलं नाही.