तो अभिनय करतच नाही

"मी याला काहीएक शिकवलं नाही," दिग्दर्शिका काइसूने माईक हनुवटीशी धरत केमी शहरातल्या चित्रपटगृहात जमलेल्या लोकांना सांगितलं. "कॅमेरा लावला आणि ताइस्तोला समोर उभं केलं. तो अभिनय करतच नाही. तो नुसता असतो."

टाळ्या पडल्या. शेजारी उभ्या ताइस्तोने हसल्यासारखं केलं आणि टोपी या हातातून त्या हातात घेतली.

एकसष्टाव्या वर्षी त्याला सिनेमा भेटला. त्याआधी एकतीस वर्षं त्याने शहरातली बस चालवली. तोंडाची टकळी अशी, की ऐकता ऐकता माणसं उतरायचा थांबा विसरत. दारूचा थेंब त्याने कधी जिभेला लावला नव्हता. सिनेमात त्याने केलेला ओलावी मात्र दारूपायी घर गमावलेला, दिवसाकाठी चार शब्द बोलणारा. त्या ओलावीसाठी ताइस्तो हिवाळाभर सॉनाच्या, म्हणजे वाफेच्या न्हाणीघराच्या, बाहेरच्या खोलीत दार लावून बसला होता, गप्प राहायला शिकत. नजर कुठे टेकवायची, श्वास कधी सोडायचा.

बाहेर कॉफीच्या टेबलापाशी पेन्तीने, त्याच्या बसच्या दिवसांतल्या सोबत्याने, पाठीवर थाप मारली.

"नशीब काढलंस लेका! नुसतं उभं राहायचं, की झालास हीरो!"

"नुसता नव्हतो उभा."

"बरं बरं. पण चोरून घेतोस ना? खरं सांग. इतकं हुबेहूब!"

तेवढ्यात वर्तमानपत्राची मुलगी पुढे आली. "घरीही तुम्ही इतकेच अबोल असता?"

सांगण्यासारखं इतकं होतं, की कुठून सुरुवात करावी तेच त्याला कळेना.

"नाही," तो म्हणाला.

मुलीने ते कौतुकाने लिहून घेतलं.

गाडीत बसताच त्याने दार धाडकन ओढलं.

"चार महिने, राइली! चार महिने भूमिका घासली मी! आणि हे म्हणतात, नुसता असतो. ओंडका आहे का मी?"

त्याच्या बायकोने पट्टा लावला नव्हता. ती समोर वितळणाऱ्या बर्फाकडे पाहत होती.

"सिनेमात मुलीच्या दारात येतोस तेव्हा बूट काढतोस," ती म्हणाली, "आणि हातात धरून उभा राहतोस. आत घेतील की नाही, कळेपर्यंत."

ताइस्तोने किल्लीकडे नेलेला हात मागे घेतला.

"माझे वडील तसे उभे राहायचे. आपल्या दारात. प्यायलेले. मला वाटायचं, तू तेव्हा कामावर असायचास."

"एकदा घरी होतो. खिडकीतून दिसलं."

"मी दार लावून घेतलं होतं."

"हो."

राइलीने काचेवर धरलेली वाफ बाहीने पुसली.

"सिनेमातली मुलगी आत घेते," राइली म्हणाली.

"आधीच्या पटकथेत तीही दार लावायची. मला जमेना. काइसूशी दोन दिवस भांडलो."

राइलीने हातमोजे चढवले.

"पाचला अजून एक खेळ आहे ना?" तिने विचारलं, आणि दार उघडून ती पुन्हा चित्रपटगृहाकडे निघाली.