शिवूचं बोलपाणी

सिद्धाप्पाला आपल्या मुलीचे शब्द ठाऊक होते, पण आवाज ठाऊक नव्हता. सोलापूरच्या एका गिरणीत चौदा वर्षं माग चालवून त्याचे दोन्ही कान गेले, तेव्हा शिवू पाळण्यात होती. पुढं ती बोलायला शिकली ती बापासमोर उभी राहून, तोंड मोठं उघडून, एकेक शब्द ओठांवर मांडत. तो ओठ वाचायचा. गिरणीच्या खडखडाटात सगळेच ती विद्या शिकत. शाळेतून आली की ती त्याच्यापुढं बसून पाढे म्हणायची आणि तो मान डोलवायचा. गल्ली म्हणे, पोरीचा आवाज लई गोड हाय. गोड म्हणजे काय ते त्याला जिभेवरून कळायचं, कानावरून नाही.

सत्तावीस सालच्या हिवाळ्यात प्लेग आला. गल्ली ओस पडली, माणसं माळावर झोपड्या घालून राहिली. तिथंच नऊ वर्षांच्या शिवूच्या काखेत गाठ आली. दुसऱ्या दिवशी पखालीनं घरोघर पाणी घालणारा इमामसाब एका मडक्यात बोलपाणी घेऊन आला.

बोलपाणी म्हणजे काय ते आधी समजून घ्यायला हवं. ते पाण्यासारखं वाहतं, पण ते पाणी नव्हे. तो आवाजच असतो, पातळ झालेला. एका पडक्या विहिरीच्या तळाशी कधीमधी तांब्याभर साचायचा. त्यात तोंड घालून बोललं की बोलणं विरघळतं. मग वर्षभर अंधारात झाकून ठेवायचं, म्हणजे ते मुरतं. मुरलेलं ओतलं की आवाज वाहतो, आणि वाळला की कायमचा जातो. कानात घातलं तर बहिऱ्यालाही ऐकू येतं, कारण कानात पोचायला त्याला वारा लागत नाही, ओल पुरते.

शिवूनं मडक्यात तोंड घातलं, तेव्हा सिद्धाप्पाला तिची पाठ तेवढी दिसली. ती काय बोलली ते त्यानं बायकोला, बसव्वाला, विचारलं नाही. वर्षानं आपल्याच कानांनी ऐकू, असं त्याला वाटलं. तिसऱ्या दिवशी शिवू गेली.

साथ ओसरल्यावर दोघं घरी परतले. सिद्धाप्पा घरच्या मागावर लुगडी विणू लागला. मडकं ज्वारीच्या कणगीमागं होतं. रोज सकाळी तो त्यावर तळहात ठेवायचा आणि कामाला लागायचा. बघता बघता वर्ष भरायला नऊ दिवस उरले.

त्या दिवशी बसव्वानं घर सारवायला काढलं. मडकं हलवून तिनं मागाशेजारी पाण्याच्या मडक्यांच्या रांगेत ठेवलं. उचलताना ते गुणगुणलं. हात लागला की ते नेहमीच गुणगुणायचं, त्यामुळं ते कुणी चुकून घेईल हे तिच्या मनातही आलं नाही. बहिऱ्या नवऱ्याबरोबर इतकी वर्षं संसार करून नेमकं त्याच दिवशी त्याला ऐकू येत नाही हे ती विसरली. धुणं घेऊन ती विहिरीवर गेली.

सिद्धाप्पानं गल्लीत ताणा पसरला होता. लुगड्याचे उभे धागे असे ताणून त्यांना खळ पाजावी लागते, नाहीतर मागावर ते तटातट तुटतात. ज्वारीच्या कण्यांची खळ आज घट्ट झाली होती. हाताला लागलं ते मडकं घेऊन त्यानं ते पातेल्यात पालथं केलं, घोटलं, आणि कुंच्यानं धाग्यांवर ओढायला लागला.

पहिल्याच हाताला समोरचं दार उघडलं. मग दुसरं. पोरं हसत धावली आणि जागच्या जागी थांबली. म्हातारी राजाबाई उंबऱ्यावर आली, तिनं पदर तोंडाला लावला. आपला हात आज सरळ चाललाय म्हणून माणसं बघतायत, असं सिद्धाप्पाला वाटलं, आणि त्याला थोडं बरंही वाटलं. त्यानं आणखी लांब हात मारला. इमामसाब कोपऱ्यावर उभा होता. पखालीचं तोंड त्याच्या हातून सुटलं होतं, पाणी रस्त्यावर वाहत होतं, आणि त्याचं तिकडं लक्ष नव्हतं.

मग बसव्वा आली. तिनं ओलं धुणं मातीत टाकलं. ती ताण्याच्या कडेनं एका टोकापासून दुसऱ्या टोकापर्यंत धावली, कान धाग्यांना लावत, आणि त्याच्यापुढं येऊन थांबली. तिचे ओठ त्यानं वाचले.

"कुटलं मडकं घेतलं तुमी?"

त्यानं रांगेकडं पाहिलं. मग त्याला कळलं.

ऊन चढलं होतं. त्यानं ताण्यावर डोकं टेकलं, तर धागे कडक झाले होते. पुढं सरकला, तिथंही. कडुनिंबाच्या सावलीत वीतभर पट्टा तेवढा ओला होता. त्यानं तो हळूच कानाशी धरला.

दहा वर्षांत पहिल्यांदा त्याला काही ऐकू आलं. कुणीतरी बोलण्याआधी श्वास घेतला, छोटासा, पळून आल्यासारखा. त्यापुढं काही नव्हतं. धागा वाळला.

इमामसाबनं जवळ येऊन त्याचा खांदा धरला आणि ओठ सावकाश हलवले. "पाढे म्हणत होती. आन् शेवटाला तुला हाक मारली."

सिद्धाप्पानं मान हलवली. त्यानं बसव्वाकडं वळून विचारलं, "आवाज कसा होता?"

गल्लीत सगळ्यांनी ऐकलं होतं, पण ते ओठांवर मांडता येईल असं कुणाजवळ काही नव्हतं.

पातेल्यात तळाशी नुसत्या कण्या उरल्या होत्या. पलीकडचा अर्धा ताणा कोरा होता, आणि अर्धी खळ पाजलेला ताणा सोडला तर तो सगळाच वाया जातो. बसव्वानं विहिरीचं पाणी आणून नवी खळ शिजवली. सिद्धाप्पानं कुंचा घेतला. दोघं दोन बाजूंनी उभे राहिले आणि उरलेले धागे भिजवू लागले.