थोरलीची नजर

धाकट्या बहिणीचे सिनेमे कुत्रंही बघत नव्हतं, तरी थोरलीच्या पोटात दुखायचंच. घरात कौतुक कुणाचं, तर त्या नटीचं. नव्या सिनेमाला सेट परवडेना, म्हणून शूटिंग थोरलीच्याच स्वयंपाकघरात झालं. ती रोज दाराला टेकून नाकं मुरडत उभी राहायची.

पहिल्या खेळाला मूठभर माणसं जमली, त्यांत थोरलीही होती. पडद्यावर धाकटी त्याच दाराला टेकून दुसऱ्या बाईचं सुख बघत होती. ओठ आवळलेले, डोळ्यांत निखारे. माणसं खुर्चीत पुढे झुकून बघू लागली.

खेळ संपल्यावर दिग्दर्शिकेने विचारलं, "ही नजर कुठून आणलीस गं?"

"ताई रोज समोर उभी असायची ना," धाकटी म्हणाली.

थोरलीच्या अंगाचा तिळपापड झाला. धाकटी तोही टक लावून बघत होती.