गुरुवारचा उजेड

गुरुवारी चाकणच्या कारखान्यांना सुट्टी, आणि बहुतेकदा विजेलाही. सगळी वस्ती घामाघूम बसायची. तेजोनाथ महाराजांच्या पत्र्याच्या मठात मात्र दिव्यांच्या माळा झगमगायच्या. भरदुपारी पडदे ओढलेले, त्यामुळे उजेड जरा जास्तच दैवी दिसायचा. गर्दी एवढी, की खुद्द देव आला असता तर त्याला चप्पल काढायला जागा मिळाली नसती. महाराजांच्या गादीशेजारच्या विजेच्या बोर्डावर भक्त मोबाइल चार्ज करून घ्यायचे. त्या चार्जिंगचं नाव तेजप्रसाद. थापा मारण्यात मी पंचक्रोशीत अव्वल, पण या माणसापुढे मीही टोपी काढली.

महाराजांचा खरा डोळा ई-रिक्षांवर. बॅटरी थकली की सांगायचे, हिच्यात प्रवाशांची पनवती साठलीय, मठात आणा, मी नदीत सोडतो. रिक्षावाल्या कोंडीरामने आपली आणून दिली होती. आता पाळी कस्तुराची. तिचं घर रिक्षावर चालायचं, आणि जुनी बॅटरी बदल्यात दिली तरच तिला नवी परवडणार होती. तरी पनवतीच्या धास्तीने बाई हातगाडीवर बॅटरी घालून मठाच्या दारात उभी. सोबत शेजारची दीक्षा, आयटीआयमध्ये वीजकाम शिकवणारी. तिने कस्तुराला बजावलं होतं, देण्याआधी मला एकदा बघू दे.

मी पुढेच बसलो होतो. गादीखालून गुडघ्याला गरम वारा लागला. विचारलं, तर महाराज डोळे मिटून म्हणाले, “कुंडलिनीची धग आहे, बाबा.”

“कुंडलिनीला पंखा कशाला लागतो?” गादीखालची घरघर ऐकून पुढे आलेल्या दीक्षाने विचारलं.

महाराज उखडले. आमच्या तेजाला अंत नाही, म्हणाले.

“मग सगळ्यांचा चहा होऊ द्या की.” तिने पिशवीतून पाणी तापवायची विजेची किटली काढून बोर्डात खुपसली.

गादीखालून केविलवाणं टीं-टीं झालं आणि अनंत तेज विझलं.

कोंडीरामने पडदा सारला, गादी उचलली. खाली किटलीच्या भाराने बंद पडलेला इन्व्हर्टर, आणि त्याला जोडलेली कोंडीरामचीच बॅटरी. लेकीने रंगवलेला मोर अजून तिच्यावर नाचत होता.

“महाराज, मोर पोहून माघारी आला व्हय?”

दीक्षाने समजावलं, “चढावर माणसं ओढायला ही दमली, पण दिवे-पंखे अजून काही वर्षं चालवील. एरवी लायनीच्या विजेवर चार्ज व्हायची आणि गुरुवारी चमत्कार करायची.”

कस्तुराने हातगाडी वळवली. पिंपरीच्या एका वर्कशॉपने बॅटरी तपासून घेतली आणि बदल्यात नवी स्वस्तात दिली. जुनी आता वर्कशॉपकडून शालनबाईच्या शिवणाच्या दुकानात दिवा-पंखा चालवायला भाड्याने आहे. अगदीच संपली की वर्कशॉप ती परत नेऊन आतले धातू काढून घेणार.

तेव्हा राव, चमत्कार दिसला तर हात जोडायच्या आधी गादी उचलून बघा. तो खरा असेल तर काही बिघडत नाही. खोटा असेल, तर कुणाची तरी चूल वाचते.