बिघाड माझ्यात नव्हता

मी बोलतेय ती या फळीवरची जुनी मशीन. आवाज बसलाय माझा, जरा जवळ या. आयुष्यभर मी लोकांच्या पायातलं रक्त ऐकलं आणि जे ऐकलं ते कागदाच्या पट्टीवर रेघेनं काढून दाखवलं. मला कुणी शिकवलं नाही. कारखान्यातल्या एका बाईनं माझ्या तारा डाख देऊन जोडल्या, चालते की नाही एवढं पाहिलं आणि खोक्यात घातलं. बाकीचं सगळं मी घोट्यांवर शिकले.

माझी नोकरी पायांच्या डॉक्टरांकडे. नर्स घोट्याला थंड जेल लावायची, पेनाएवढा माझा प्रोब टेकवायची, की माझं काम सुरू. माणसं मोठी लबाड. "रोज तासभर चालतो," असं डॉक्टरांना सांगणाऱ्याचा पाय मला सांगायचा, हा खुर्चीतून उठत नाही. मी कधी चहाडी केली नाही. फक्त रेघ काढली.

धड पायाची लाट कशी असते, सांगते. आधी टोकदार सुळका, मग रेघेखाली एक बुडी, मग बारीकसा उंचवटा. त्यातली बुडी मोलाची. पाय निवांत असला की त्यातल्या बारीक नळ्या आकसून बसतात, आलेल्या रक्ताला अडवतात. रक्त आपटतं आणि क्षणभर मागं फिरतं. लोकांना वाटतं विरोध म्हणजे वाईट. अहो, त्या विरोधानंच लाटेला धार येते. वर कुठं नळी बुजली की खालचा पाय उपाशी पडतो. मग तो सगळी दारं सताड उघडून बसतो, येईल तेवढं घेतो. ना सुळका, ना बुडी. नुसती मऊ गोल टेकडी. अशा टेकड्या मी फार काढल्या. त्यानंच थकले.

बारा वर्षांनी माझी वायर मानेपाशी तुटली आणि मला तारकाकूकडे दुरुस्तीला पाठवलं.

तारकाकू हे तिचं गावानं ठेवलेलं नाव. वय एकाहत्तर, दुकान घराच्याच पुढच्या खोलीत. "विजेचा धडा यायच्या आत माझी शाळा सुटली," ती गिऱ्हाइकांना ऐकवायची, "बरं झालं, नाहीतर चुकीचं शिकले असते." मागच्या खोलीत तिची धाकटी बहीण शिवणयंत्र चालवायची. दोघी दिवसभर एकमेकींवर गुरगुरत, आणि एकीला शिंक आली तर दुसरी खिडकी लावायला उठे.

मी उघड्या दारासमोर टेबलावर होते. तिथून रस्त्यावरचे विजेचे दोन खांब दिसायचे. तारकाकू बाजाराला निघाली की दुसऱ्या खांबापाशी थांबायची आणि मान वर करून तारा बघत राहायची.

"ताई, तो खांब काय तुझ्या सासरचा आहे?" धाकटी दारातून ओरडायची.

"सांधा सैल दिसतोय वरचा."

"रोज?"

"रोज सैल आहे म्हणून रोज दिसतो. तू तुझ्या काजाबटणांकडे बघ."

ती तारा बघत नव्हती. डाव्या पोटरीतली कळ थांबायची वाट बघत होती. खांबापाशी थांबणारी पावलं मी ओळखते, पण मला विचारतं कोण?

तिनं माझी वायर जोडली, सुरेख जोडली. मग तपासायला स्वतःचा डावा पाय स्टुलावर घेतला आणि प्रोब घोट्याला लावला. मी खरं ते काढलं. गोल टेकडी.

नर्सनं माझ्यासोबत धड पायाची, नमुन्याची एक पट्टी पाठवली होती. तारकाकूनं दोन्ही पट्ट्या शेजारी धरल्या. "कपॅसिटर टोकं खातोय," ती म्हणाली. तिच्या धंद्यात ते बरोबरच होतं. तारेत अडथळा आला आणि पुढं वीज साठवून धरणारा कपॅसिटर असला की टोकदार लाट अशीच गोल होते. फक्त ती तार माझ्यात नव्हती.

तिनं मला उघडलं. कपॅसिटर बदलला. परत तोच पाय, परत टेकडी. दुसऱ्या दिवशी आवाज वाढवणारा सगळा भाग बदलला. टेकडी. तिसऱ्या दिवशी तिनं माझा एकेक सांधा तापवून पुन्हा जोडला. ज्या अंगानं उभ्या जन्मात खोटी रेघ काढली नाही, ते तीन दिवस फाडून ठेवलेलं. राग यायचा, पण तिच्या बोटांचा राग येईना. फार नेमकी होती ती.

"गेली ही," शेवटी ती म्हणाली. "दवाखान्यात कळवते, भंगारात टाका म्हणून."

धाकटी तिला जेवायला बोलवायला आली होती. "माझ्या पायाला लावून बघ ना एकदा."

"तुझ्या पायाला काय सोनं लागलंय?"

"सोनं नाही, पण शिवणयंत्राचं पायडल मारून मारून चांगला टणक झालाय. लाव म्हणते ना."

लावला. सुळका, बुडी, उंचवटा. आरशासारखी स्वच्छ लाट. धाकटी खूश झाली. "बघ, मी हात लावला की नीट चालतं."

तारकाकूनं प्रोब आपल्या डाव्या घोट्याला लावला. टेकडी. गुडघ्यामागं लावला. टेकडी. मग जांघेत लावला, आणि तिथं मी तिला पहिल्यांदा धारदार सुळका दिला. बंद रेडिओत आवाज कुठवर येतो आणि कुठं मरतो ते ती असंच शोधत आली होती.

"मांडीत तुटतोय," ती हळूच म्हणाली.

"काय तुटतंय? ताई, तू दर आठवड्याला हाताला पट्टा बांधून दाब मोजतेस. चांगला येतो म्हणतेस."

"फ्यूजपाशी मीटर लावून बसले होते मी. खाली पायातला दिवा मंद झालाय तो बघितलाच नाही." मग तिनं माझ्या झाकणावर हात ठेवला. "तीन दिवस तुला उगीच फाडलं ग."

दवाखान्यात मला ती स्वतः घेऊन गेली. डॉक्टर म्हणाले, "काकू, मशीनमध्ये काय निघालं?"

"मशीन ठणठणीत आहे. बिघाड मी पायात घालून आणलाय." आणि पट्ट्या त्यांच्यासमोर टाकल्या.

डॉक्टर बोलले ते तिच्या तोंडावर बोलले. अजून दोन-तीन महिने खांब बघत बसली असती तर पाय गुडघ्याखाली काढावा लागला असता. मांडीतली नळी फुगवून आत जाळी बसवली. पाय राहिला.

पुढं दवाखान्यात रंगीत पडद्याची मशीन आली आणि मला तारकाकूनं मागून घेतलं. महिन्याकाठी ती माझ्याकडून पाय तपासून घेई, आणि मी तिला बुडी दाखवत असे. सहा वर्षं.

गेल्या रविवारी मी टेकडी काढली. तिचा चेहरा उतरला. यावेळी तिनं मला उघडलं नाही, सरळ धाकटीच्या पायाला लावलं. तिथंही टेकडी. धाकटीनं पाय मागं घेतला. "ताई, आता दोघींचंही?"

मला ओरडून सांगायचं होतं. बायांनो, यावेळी मीच खोटं बोलतेय. माझ्यात आता टोकदार काही उमटत नाही. माझ्यावर विसंबू नका.

तारकाकूनं दोन्ही पट्ट्या एकमेकींवर ठेवून उजेडात धरल्या. रेघेवर रेघ बसली. ती हसायला लागली.

"अगं वेडे, तुझा-माझा पाय इतका सारखा कधी होता? ही थकली." तिनं माझी वायर गुंडाळली. "दमलीस ना? पड आता. आम्ही दवाखान्यातल्या त्या पडद्यावाल्या नव्या बाईकडे जाऊन येतो."

तिनं मला या फळीवर ठेवलं आणि दोघी निघाल्या. दार उघडंच होतं. पहिला खांब गेला. दुसऱ्या खांबापाशी धाकटी थांबली, मान वर करून चिडवत म्हणाली, "सांधा सैल आहे का ग?"

तारकाकू न थांबता पुढं गेली. तिसरा खांब मला इथून दिसत नाही.