सिरियाकोचा उजवा डोळा

सिरियाको पंधरा वर्षं मनिलाच्या स्टुडिओत कॅमेऱ्यामागे होता. मूकपटांच्या काळात हातानं दांडा फिरवायचा, तोही असा एकसारखा की बघणाऱ्यानं तोंडात बोट घालावं. पण या उन्हाळ्यात त्याच्या उजव्या डोळ्यावर साय धरली. हे त्यानं कुणाला सांगितलं नाही. पावलांनी अंतर मोजून तो अंदाजानं भिंग लावत होता.

सोमवारी नायिकेचं जवळून घेतलेलं दृश्य पडद्यावर आलं. चेहरा धुरकट, मागची वेल मात्र लख्ख!

मालक व्हिलेगास भडकले. "धुलाईत घाण केली! त्या तेबानला शनिवारपासून घरी बसवा."

फिल्म धुणारा तेबान सिरियाकोचा जुना सोबती. त्यानं एकवार सिरियाकोकडे पाहिलं आणि निमूट निघून गेला.

दोन दिवस सिरियाकोचं चित्त थाऱ्यावर नव्हतं. जेवताना उठे, खिडकीशी जाई, परत येई. लसणीचा भात तसाच निवायचा.

"अहो, बूड टेका की जरा," त्याची बायको सालुद म्हणाली. "डोळा त्रास देतोय ना?"

तो चरकला. "तुला कसं कळलं?"

"महिनाभर कॉफी कपाबाहेर ओतताय. कळायला काय डॉक्टर लागतो?"

सकाळी तो तडक मालकांसमोर उभा राहिला. "साहेब, धुलाई चोख होती. महिना झाला, मला उजव्या डोळ्यानं दिसत नाही."

"मग महिनाभर काय आंधळी कोशिंबीर चालली होती?"

"होय साहेब."

व्हिलेगासांनी त्याला फैलावर घेतलं. कॅमेरा दुसऱ्याकडे गेला, तेबानची नोकरी राहिली. सिरियाकोला सेटवरचे दिवे लावायला ठेवलं, कारण उजेडाची जाण त्याच्याइतकी कुणालाच नव्हती.

दुपारी तेबान आला. "वेल लख्ख बघितली तेव्हाच समजलो होतो, गाढवा. धुलाई बिघडली असती तर तीही धुरकट आली असती."

"मग बोलला का नाहीस?"

"तू बोलतोस का, ते बघत होतो."

"नसतो बोललो तर?"

तेबाननं हातातला पाव मोडून अर्धा पुढे केला, पण बराच वेळ त्याच्याकडे बघितलं नाही.

पहिले काही दिवस सिरियाकोचे पाय आपसूक कॅमेऱ्याकडे वळत. मग दिव्यांपाशी थांबून तो नुसताच खांब सरकवी, पुन्हा होता तिथं ठेवी.

चित्रपट लागला तेव्हा नायिकेचा नव्यानं घेतलेला चेहरा असा उजळला की थिएटरातले लोक पुढे झुकून बघू लागले. सिरियाको मागच्या दाराशी येरझाऱ्या घालत होता. शेवटी सालुदनं बाही धरून त्याला खाली बसवलं.